‘पाच अणूंचं मूलद्रव्य’ म्हणे! (ओगानेसॉन आणि करदात्यांचा पैसा)

खवट_खोबरं (धागाकर्ता)

‘विज्ञानातली उधळपट्टी’ या धाग्यावर सरळसोट यांनी काल ओगानेसॉन या ११८ व्या मूलद्रव्यावर एक पिंक टाकली. तिकडे फिरकला नसाल तर जशीच्या तशी देतो:

“११८ वं मूलद्रव्य म्हणजे रशियन आणि अमेरिकन लोकांनी करदात्यांच्या पैशावर मांडलेला लगोरीचा डाव. रचायचं, पाडायचं, परत रचायचं. एवढ्या वर्षांत पाच-सहा अणू, तेही मिलिसेकंदाच्या आत गायब. कुणी पाहिलं नाही, रंग माहीत नाही, उपयोग शून्य. तरी तक्त्यात राजवायू म्हणून छापून मोकळे, वर आपल्याच साहेबाचं नाव दिलं. याला विज्ञान म्हणत असाल तर कोपरापासून नमस्कार.”

तिथेच उत्तर टंकायला घेतलं, पण ते प्रतिसादात मावेना. म्हणून वेगळी चूल.

‘कुणी पाहिलं नाही’ हे आधी घेतो, कारण डोकं तिथेच फिरलं. २००२ साली रशियातल्या दुबनाच्या प्रयोगशाळेत कॅलिफोर्नियम-२४९ च्या पातळ थरावर कॅल्शियम-४८ चा झोत चार महिने मारला. अणू किती मारले? २५ वर १८ शून्यं. त्यातून ११८ ची खूण पटावी अशी घटना घडली एक. या घटनेत दिसतं काय, तर चुंबकांनी बाकीचा कचरा बाजूला काढल्यावर एक जड अणुकेंद्र येऊन डिटेक्टरात रुततं. मग त्याच जागी मिलिसेकंदाच्या आसपास एक अल्फा कण (दोन प्रोटॉन, दोन न्यूट्रॉन) सुटतो, त्याची ऊर्जा ११.६५ दशलक्ष इलेक्ट्रॉन-व्होल्टच्या जवळपास. म्हणजे ११८ चं झालं ११६. मग दुसरा अल्फा, ११४. पुढे ते केंद्र दुभंगतं, नाहीतर आणखी एक अल्फा टाकून ११२ होतं आणि मग दुभंगतं. जागा तीच, क्रम तोच, वेळा आणि ऊर्जा ठरलेल्या. शिवाय २००६ च्या ज्या पेपरात हे सगळं छापलं, त्यातच क्युरियम-२४५ वर कॅल्शियम मारून ११६ स्वतंत्रपणे बनवलं आणि ते तसंच मोडतं हे दाखवलं. योगायोगाने अशी साखळी दिसण्याची शक्यता लाखात एकाहून कमी. इलेक्ट्रॉन तरी कुणी पाहिलाय? पण पंख्याचं बटण दाबताना सरळसोट यांना शंका येत नाही.

दुसरं, ‘राजवायू’. इथे मी निम्मा तुमच्या बाजूने आहे, बसा आता. ११८ आवर्त सारणीत १८ व्या गणात, रेडॉनच्या खाली बसतं ते प्रोटॉन मोजून. ते वायू आहे असं कुठल्याही शहाण्या माणसाने मोजून दाखवलेलं नाही. उलट २०२० च्या गणितानुसार ते साधारण ५२ अंश सेल्सियसला वितळेल. म्हणजे चंद्रपूरच्या मे महिन्यातसुद्धा घनरूपच राहील, जेमतेम का होईना. बहुधा अर्धवाहक असेल. आणि राजवायू इलेक्ट्रॉनला दारात उभं करत नाहीत, हे महाशय घरात घेतील असं गणित सांगतं. २०१८ मध्ये तर असं निघालं की याचे बाहेरचे इलेक्ट्रॉन वेगवेगळ्या कवचांत ओळखूच येत नाहीत, सगळं पसरट.

कारण आइनस्टाइन. केंद्रात ११८ प्रोटॉन असले की ढोबळ हिशेबाने सर्वांत आतला इलेक्ट्रॉन प्रकाशाच्या ८६ टक्के वेगाने पळतो, मग तो जड होतो, कक्षा आवळते, आणि बाहेरच्यांचंही बिनसतं. हे फक्त प्रयोगशाळेतलं नाही. सोनं पिवळं का, पारा पातळ का, यांचंही उत्तर तेच. आणि गाडीची शिशाची बॅटरी घ्या. तिच्या एका सेलचे २.१ व्होल्ट असतात. २०११ च्या हिशेबानुसार त्यातले १.७ ते १.८ व्होल्ट सापेक्षतेमुळे मिळतात. सकाळी सेल्फ मारता तेव्हा आइनस्टाइनच गाडी सुरू करतो.

साहेबाच्या नावाबद्दल: युरी ओगानेसियन, जन्म १९३३, रोस्तोव. नाव सुचवलं त्याच्याच दुबनाने आणि अमेरिकेतल्या लिव्हरमोर प्रयोगशाळेने, हे खरं. पण शिसं-बिस्मथवर मारायची रीत सत्तरच्या दशकात आणणारा तो, आणि कॅल्शियम-४८ चा मार्गही त्याचाच. ११४ ते ११८ ही रांग त्या मार्गाने लागली. जिवंतपणी असा मान त्याच्याआधी एकट्या सीबोर्गला (सीबोर्गियमवाला) मिळाला. माझ्या मते चुकीचं काही झालं नाही.

सरळसोट

एवढा मोठा धागा माझ्या नावाने! धन्य झालो. आता तुम्ही सोयीस्कर गिळलेला भाग मी ओकतो.

१९९९. अमेरिकेतली बर्कले प्रयोगशाळा. हेच तुमचं ११८. क्रिप्टॉन-८६ शिशावर मारला, तीन साखळ्या मिळाल्या, फिजिकल रिव्ह्यू लेटर्समध्ये पेपर, १५ लेखक. त्यात आल्बर्ट गिओर्सो, ज्यांच्या खात्यावर डझनभर मूलद्रव्यं आहेत. २००१ मध्ये दावा मागे. का? मूळ विदात (डेटात) त्या साखळ्या नव्हत्याच! विश्लेषण करणारा माणूस एकच, व्हिक्टर निनोव्ह, बाकी १४ जणांनी सह्या ठोकल्या. निनोव्हला काढून टाकलं. तो शेवटपर्यंत ‘मी नाही त्यातला’ म्हणत राहिला.

तेव्हा ‘जागा तीच, क्रम तोच, ऊर्जा ठरलेल्या’ वगैरे आम्हाला नका सांगू. बर्कलेच्या साखळ्याही अशाच गोंडस होत्या. तीन अणूंवर विश्वास ठेवा म्हणे. आमच्याकडे तीन पावत्यांवर कुणी जीएसटीचा परतावा देत नाही.

मधली_आळी

जागा धरून ठेवतो. चहा टाकलाय.

घाटमाथा

सरळसोट, अर्धीच गोष्ट सांगितलीत.

मी जर्मनीत डार्मस्टाटपासून (तिथे जड मूलद्रव्यांची प्रयोगशाळा आहे) ट्रेनने तासाभरावर राहतो, क्षेत्र वेगळं, पण तिकडच्या दोघा-तिघांबरोबर ऊठबस आहे. बर्कलेचा दावा आल्यावर डार्मस्टाटने तोच प्रयोग करून पाहिला. काही नाही. जपानच्या रिकेनने केला. काही नाही. मग बर्कलेने स्वतःच परत केला. तरीही नाही. म्हणून त्यांनी जुना विदा उकरला. म्हणजे पकडणारे तेच लोक, तुम्ही नाही आणि मी नाही. २००२ मध्ये मागे घेतल्याची रीतसर नोंद छापली, तिच्यावर निनोव्ह सोडून बाकीच्यांच्या सह्या आहेत.

आता तुम्हाला आयतं कोलीत देतो, कारण ते खरं आहे. निनोव्ह आधी डार्मस्टाटला होता. बर्कलेचं बिंग फुटल्यावर इथल्यांनी आपले जुने विदा तपासले, तर ११० ची एक आणि ११२ ची एक साखळी बोगस निघाली. ११२ च्या १९९६ च्या पेपरात दोनच घटना होत्या, त्यातली एक गेली! दुसरी टिकली, २००० साली प्रयोग करून आणखी एक मिळवली, आणि कोपर्निसियम हे नाव मिळायला २०१० उजाडलं.

सरळसोट

म्हणजे दोनातली एक खोटी. पन्नास टक्के. आणि हे तुमच्या बाजूचे साक्षीदार. 😄

विदागार

सरळसोटांशी माझं जन्मात पटलं नाही, पण १४ सह्यांच्या मुद्द्यावर +१.

मी पीएचडी अर्धवट सोडली ती याच पायी. विद्यापीठाचं नाव सांगत नाही. गाइडच्या मित्राच्या मित्राचं नाव माझ्या पेपरवर. त्या गृहस्थाला माझा नमुना सिलिकॉनचा आहे की शाडूचा हेही माहीत नव्हतं. कच्चा विदा बघायला मागितला का? छे. आलेख सुंदर आला, खूश. मी उद्या त्यात बटाट्याचा आलेख घातला असता तरी सही मिळाली असती. बर्कलेचं वाचलं तेव्हा मला धक्का बसला नाही, ओळखीचा वास आला.

निनोव्ह एकटा दोषी हे सोयीचं आहे. मोठमोठी नावं पेपरवर चालतात आणि पेपर खोटा निघाला की ‘आम्ही त्याच्यावर विसंबलो’ म्हणतात. श्रेयाला १५, दोषाला एक.

घाटमाथा

विदागार, सहमत. पण त्यानंतर एकाहून जास्त जणांनी स्वतंत्रपणे विश्लेषण करायचं हा दंडक आला, हेही लिहा की.

विदागार

लिहितो. ‘घोडा पळाल्यावर तबेल्याला कुलूप लावलं.’ झालं?

आण्णा_बॅटरीवाले

नमस्कार. मी वाचकच असतो, पण आज ऱ्हावलं नाही. खोबरं सायेब, बॅटरीत आइनस्टाइन कुठनं आला? आमचं सांगलीत बॅटरीचं दुकान हाय, वडलांपास्नं. व्होल्टेज ॲसिडमुळं आणि प्लेटमुळं येतं. ॲसिडची ग्रॅव्हिटी, म्हंजे दाटपणा, उतरली की बॅटरी बसली. आइनस्टाइन असता तर गिऱ्हाईकाला तेच सांगितलं असतं, वॉरंटीत बसत नाही म्हणून.

खवट_खोबरं

आण्णा, स्वागत. ॲसिड आणि प्लेट बरोबरच. प्रश्न असा की शिशाची प्लेट एवढं व्होल्टेज देते कशी? सारणीत शिशाच्या डोक्यावर कथील बसलंय, एकाच गणातलं. मग कथलाची बॅटरी तुमच्या दुकानात का नाही? स्वस्त-महाग सोडा. कथील हलकं, त्याचे इलेक्ट्रॉन तेवढे पळत नाहीत, त्यामुळे त्याच्या ऑक्साइडला इलेक्ट्रॉनची तेवढी भूक नाही. शिशाच्या केंद्रात ८२ प्रोटॉन. लेड डायऑक्साइड इलेक्ट्रॉन ओढून घेतं ते त्यामुळे. २०११ च्या त्या पेपराच्या लेखकांत स्वीडनच्या उप्साला विद्यापीठातले राजीव आहुजा आहेत. सापेक्षता चालू ठेवून आणि बंद करून, असं दोनदा गणित केलंय. बंद केली की बॅटरी बसते.

आण्णा_बॅटरीवाले

कथलाची नसती हे खरं. कधी डोक्यात आलं न्हाई. बरं, मग मला एक सांगा, त्या आइनस्टाइनला एसीचं पाणी चालतं का? रोज एक तरी येतो, “आण्णा, एसीतनं गळतंय ते पाणी शुद्धच की, बॅटरीत घातलं.” आणि मग सहा महिन्यांनी बॅटरी उचलून आणतो, पोट फुगलेली.

दिवेलागण

अय्या, आम्ही एसीचंच घालतो! वाफेचं पाणी म्हणजे डिस्टिल्डच ना? आमच्या इन्व्हर्टरला काही झालं नाही इतकी वर्षं.

विदागार

दिवेलागण, नका घालू. ते पाणी थंड कॉइलवर जमतं, कॉइलवरची धूळ आणि धातू घेऊन खाली येतं. लोह आणि क्लोराइड बॅटरीचे शत्रू, आपोआप डिस्चार्ज होते. आरओचंही नको, त्यात क्षार उरतात.

दिवेलागण

आमचा माणूस तर म्हणाला आरओचं चालतं. वर त्याने ट्यूब्युलर म्हणून साधी फ्लॅट प्लेट गळ्यात मारली, ते बिल बघितल्यावर कळलं. तक्रार केली तर म्हणतो “मॅडम, दोन्हीत शिसंच असतं.”

आण्णा_बॅटरीवाले

आसली मान्सं आमच्या धंद्याला काळिमा. ट्यूब्युलरचं वजनच सांगतं, उचलून बघायची. ताई, ग्रॅव्हिटी मोजून घ्या, फुल चार्जला साडेबाराशेच्या खाली नको.

मधली_आळी

ओगानेसॉनचा अर्धायुकाल (निम्मे अणू मोडायला लागणारा वेळ) ०.७ मिलिसेकंद. धाग्याच्या विषयाचा त्याहून थोडाच जास्त.

नळी_फुंकली

एसीचं पाणी, आरओचं पाणी! निवृत्त झाल्यावर तरी गोंगाटाच्या वर्गात उभं राहावं लागणार नाही असं वाटलं होतं.

मी रसायनशास्त्र शिकवायचे. माझं दुखणं सरळसोटांच्या उलट आहे. एका मुलाने उत्तरपत्रिकेत लिहिलं होतं, ‘११८ बहुधा स्थायुरूप असावे, कारण सापेक्षतेचा परिणाम.’ मी पूर्ण गुण दिले. वरच्या तपासनिसांनी काट मारली, कारण ‘१८ वा गण म्हणजे वायू’. भांडले, उपयोग झाला नाही. तो मुलगा पुढे विज्ञानाकडे गेलाच नाही, सीए झाला. आता माझंच रिटर्न भरतो. तेव्हा खोबरं, तुमच्या लेखातला राजवायूचा परिच्छेद मी छापून त्या तपासनिसांना पाठवणार आहे.

आणि सरळसोट, घाईघाईत रचलेला डाव म्हणता, जपानचं ११३ बघा जरा. कोसुके मोरिता आणि मंडळी. बिस्मथवर जस्त-७० मारलं. पहिला अणू २३ जुलै २००४. दुसरा २ एप्रिल २००५. मग? मग काही नाही. वर्षांमागून वर्षं. तिसरा १२ ऑगस्ट २०१२ ला. आठ वर्षांत तीन अणू! ढापाढापीच करायची असती तर सात वर्षं हात चोळत बसले असते का हो? संगणकावर एक साखळी टंकायला तुमच्या निनोव्हला किती वेळ लागला? त्यांच्या देशात १९०८ साली ओगावा नावाच्या प्राध्यापकांनी ‘निप्पोनियम’ सापडल्याचं जाहीर केलं होतं, ४३ व्या घरात बसवलं, ते टिकलं नाही. खरं तर हातात आलं होतं ७५ वं, ऱ्हेनियम, पण घर चुकलं. त्या अपमानाची शंभर वर्षं वाट पाहून निहोनियम आलं. मला तरी हे वाचून डोळ्यांत पाणी आलं होतं. तुम्हाला पावत्या आठवतात.

सरळसोट

बाई, तुमच्याबद्दल आदर आहे, पण डोळ्यांतलं पाणी हा पुरावा नव्हे. उलट तुम्ही माझाच मुद्दा मांडलात: आठ वर्षं, तीन अणू, अ‍ॅक्सिलरेटरचं वीजबिल कुणी भरलं?

खर्चाचा आकडा धागाकर्त्याने शिताफीने टाळलाय. कॅल्शियम-४८ हे नैसर्गिक कॅल्शियममध्ये ०.२ टक्क्यांहूनही कमी. वेगळं काढलेलं ग्रॅमला दोन लाख डॉलरच्या आसपास पडतं. सोन्याने मढवलेली गाय परवडली. आमच्या तालुक्यातल्या आरोग्य केंद्रात सोनोग्राफीचं मशीन आहे, चालवणारा नाही. माझ्या वहिनीला नवव्या महिन्यात ६० किलोमीटर न्यावं लागलं. तुम्ही अणू मोजत बसा.

खवट_खोबरं

वहिनींचं वाचून वाईट वाटलं, मनापासून. पण दुबना बंद पडलं तर तुमच्या तालुक्यात सोनोग्राफीचा माणूस कसा येणार, ते समजावून सांगा. रशियाचा पैसा, जपानचा पैसा. तुम्ही ज्या ‘करदात्यांच्या’ नावाने गळा काढताय त्यात तुमचा एक रुपया नाही.

आणि कॅल्शियम ग्रॅमग्रॅमने उडवत नाहीत, तासाला मिलिग्रॅमच्या हिशेबात जातं. त्याची गरज का, हे कळलं तर किंमत टोचणार नाही. त्यात २० प्रोटॉनला २८ न्यूट्रॉन, दोन्ही आकडे ‘जादुई’, म्हणून केंद्र घट्ट आणि न्यूट्रॉनही भरपूर. जड मूलद्रव्याला न्यूट्रॉन हवेतच, नाहीतर जन्मतःच फुटतं. ११४ च्या पुढे १८४ न्यूट्रॉनच्या आसपास स्थिरतेचं बेट, म्हणजे जास्त टिकणाऱ्या केंद्रांचा टापू, असावा असं साठीच्या दशकापासून म्हणतात. ओगानेसॉन-२९४ मध्ये न्यूट्रॉन १७६. बेटाच्या किनाऱ्याजवळ पोचलोय, उतरलेलो नाही.

शिवनेरीचा_वारा

सगळं वाचलं. एकच प्रश्न. अमेरिका, रशिया, जर्मनी, जपान सगळ्यांची नावं सारणीत. कणाद ऋषींच्या देशाचं एकही नाही. भाभा अणुसंशोधन केंद्र आहे, पैसा आहे, बुद्धी आहे. की आपल्याला मुद्दाम डावललं जातं? परदेशात बसलेल्यांनी उत्तर द्यावं.

घाटमाथा

परदेशात बसलेला मीच दिसतोय. डावलण्यासाठी आधी रांगेत उभं राहावं लागतं. महिनोन्‌महिने फक्त याच कामाला झोत देणारं यंत्र लागतं, आणि अणुभट्टीत बनवलेलं बर्केलियम-कॅलिफोर्नियम लागतं. ते आपण ठरवलंच नाही, ठरवलं नाही त्यात कमीपणाही नाही. पण ‘एकही नाही’ हे चूक. २०१४ मध्ये डार्मस्टाटला ११७ पक्कं केलं तेव्हाच्या पेपरात कोलकात्याच्या साहा इन्स्टिट्यूटचे शास्त्रज्ञ आहेत. त्यांची आठवण इथे कुणाला आली? कणाद मात्र सगळ्यांना आठवतात.

शिवनेरीचा_वारा

कणादांवर घसरायचं कारण नव्हतं. तिकडचे युरो खाऊन इकडच्यांना अक्कल शिकवायची सवयच लागलीये तुम्हा लोकांना.

घाटमाथा

विचारलंत तुम्ही. “परदेशात बसलेल्यांनी उत्तर द्यावं.” तुमचंच वाक्य. पुढच्या वेळी फक्त सातारा जिल्ह्यातल्यांनी उत्तर द्यावं असं लिहा, मी गप्प बसेन.

मधली_आळी

हा हा, घ्या चहा घ्या. तोवर माझा प्रश्न. आमच्या कुटुंबाच्या व्हॉट्सॲप गटावर काका सांगतात की ११५ वर उडत्या तबकड्या चालतात. बॉब लझार नावाचा माणूस १९८९ मध्येच म्हणाला होता, मग २००३ मध्ये ११५ ‘सापडलं’, म्हणजे तो खरा. काकांना काय सांगू?

नळी_फुंकली

काकांना सांगा, मॉस्कोव्हियमचा (म्हणजे ११५ चा) सर्वांत टिकाऊ ज्ञात अणू एका सेकंदाच्या आत अर्ध्याला येतो. तबकडीचं दार लावेपर्यंत इंधन संपेल. आणि ११४ नंतर ११५ येतं हे भाकीत करायला परग्रहावर जावं लागत नाही.

आणि उपयोग हवाच असेल तर ऐका. अमेरिशियम आज धुराची सूचना देणाऱ्या यंत्रांत असतं. सीबोर्ग आणि मंडळींनी ते १९४४ मध्ये बनवलं तेव्हा कुणी त्याची यादी केली नव्हती. त्याची बातमी तर ११ नोव्हेंबर १९४५ ला मुलांच्या रेडिओ कार्यक्रमात फुटली, एका पोराने सीबोर्गना विचारलं, नवीन काही सापडलं का? आणि ते सांगून बसले!

सरळसोट

अमेरिशियमचा अर्धायुकाल शेकड्यात, वर्षांत. तुमच्या ११८ चा मिलिसेकंदात. ते उदाहरण इथे लावणं म्हणजे शुद्ध चलाखी. खोबरं, तुम्ही बोला, ११८ चा उपयोग काय? एक सांगा, एक!

खवट_खोबरं

थेट? काही नाही. रसायनशास्त्राचा प्रयोगसुद्धा त्याच्यावर करता येत नाही, ०.७ मिलिसेकंदात ते उपकरणापर्यंत पोचतच नाही. कोपर्निसियम (११२) आणि फ्लेरोव्हियम (११४) काही सेकंद टिकतात, म्हणून त्यांना एकेक अणू करून सोन्याच्या पत्र्यावरून नेऊन चिकटतात की नाही ते पाहिलंय. ११८ बद्दल रंग, वितळणं सगळं गणितच आहे, ते मी वरही लिहिलंय. पण याच गणिताची पद्धत आण्णांच्या बॅटरीला लागू होते. तिथे २.१ व्होल्ट मीटर लावून मोजता येतात आणि उत्तर जुळतं. ती पद्धत ११८ वर कुठे कोसळते हे शोधायचंय. यात तुम्हाला हित दिसत नसेल तर मी काही तुमचा गाइड नाही.

आण्णा_बॅटरीवाले

माझं नाव निघालं म्हणून. मीटर मी पण लावतो. फुल चार्ज करून लोड न लावता ठेवलेली १२.६ दाखवती, म्हंजे सहा गुणिले २.१, बरोबर. आज पोराला बोर्डावर लिहून ठिवायला सांगितलं, ‘आमच्याकडे आइनस्टाइन चार्ज करून मिळेल’. ताई, तुमच्या ग्रॅव्हिटीचं काय झालं?

दिवेलागण

आण्णा, ११८० आली. 😔 एसीचं पाणी बंद केलंय. यांना सांगितलं सापेक्षतेमुळे बसली, तर म्हणाले तुझ्यामुळे बसली.

आण्णा_बॅटरीवाले

रात्रभर फुल चार्ज करून परत बघा. सगळ्या सेलची मोजा, एकच सेल खाली असंल तर ती गेली.

नळी_फुंकली

इन्व्हर्टरसाठी वेगळा धागा काढा, मीच पहिला प्रतिसाद देते! माझ्या घरचाही किरकिर करतोय.

जाता जाता, सरळसोटांना एवढं तरी आवडेल. ११७ साठी अमेरिकेतल्या ओक रिज प्रयोगशाळेने २२ मिलिग्रॅम बर्केलियम बनवलं, अडीचशे दिवस अणुभट्टीत. त्याचा अर्धायुकाल ३३० दिवसांचा, म्हणजे घड्याळ चालू. आणि ते मॉस्कोला पाठवताना कागदपत्रं अपुरी म्हणून रशियन कस्टम्सने दोनदा परत धाडलं. अटलांटिक पाच वेळा ओलांडला त्या पुडीने! झिजतंय मूलद्रव्य आणि कारकून शिक्का शोधतोय.

सरळसोट

😄 हे मात्र झकास. सरकारी कचेरी सगळीकडे सारखीच, एवढं विश्वबंधुत्व मला मान्य.

बरं. साखळीचं म्हणत असाल तर ११६ वेगळं बनवून जुळवलंय हा भाग ठीक आहे, ‘कुणी पाहिलं नाही’ ऐवजी ‘पाच-सहा जणांना सोडून कुणी पाहिलं नाही’ असं वाचा. ‘राजवायू’ तर तुम्हीच सोडून दिलात, तो माझ्या खात्यात. साहेबाचं नावही त्याच्याच मंडळींनी सुचवलं हे तुम्ही कबूल केलंत, तेही माझ्या खात्यात. पैशाबद्दल मी तसूभर हललेलो नाही.

खवट_खोबरं

खातं तुमचं, जमाखर्च तुमचा, लेखापरीक्षकही तुम्हीच. चालू द्या.

पुढचं ऐका म्हणजे रात्री झोप लागणार नाही. कॅल्शियमचा मार्ग ११८ ला संपला, कारण त्याच्यापुढे जायचं तर आइनस्टाइनियम-फर्मियमचं लक्ष्य लागेल, आणि ते पुरेसं कुणाकडे नाही. म्हणून आता जड झोत. रिकेन ११९ साठी क्युरियमवर व्हॅनेडियम मारतंय. बर्कलेने २०२४ मध्ये प्लुटोनियमवर टायटॅनियम-५० मारून ११६ चे दोन अणू मिळवले, २२ दिवसांत. हा रस्ता चालतो, एवढंच त्यातून सिद्ध करायचं होतं. १२० ला याच्या दहापट वेळ लागेल असा त्यांचा अंदाज आहे.

सरळसोट

२२ दिवस गुणिले दहा, म्हणजे २२० दिवस. अहोरात्र. दोन अणूंसाठी.

खवट_खोबरं

हो. आणि सारणीची आठवी ओळ सुरू होईल.

सरळसोट

आणि टायटॅनियम-५० ग्रॅमला कितीला पडतं?